उकंडा हे नाव इथे थांबावं

मी मनकर्णा, मुखरू मारबते यांची विधवा, वय सत्तरीला टेकलेलं, धंदा शेती आणि बाजारात मासे विकणे, राहणार मौजा जांभूळबोडी, तालुका चिमूर, जिल्हा चंद्रपूर, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहीत आहे. डोळ्याला चष्मा आहे, डोकं ठिकाणावर आहे. हे लिही म्हणून मला कोणी धमकावलेलं नाही. लिहू नको म्हणून धमकावलं आहे, तरी लिहीत आहे.

चिमूरचे वकील टाइप करून देतो म्हणाले. मी नको म्हटलं. मी शाळेत गेलेली नाही. मासे बांधायला रद्दी आणायची, तिच्यावरची मोठी अक्षरं आधी ओळखू लागले, मग बारीक. मुलगा पहिलीत मोठ्याने धडा वाचायचा, तेव्हा मी चुलीपुढे बसून त्याच्या मागोमाग वाचायची. असं आलेलं अक्षर आहे, वाकडं असेल तर सांभाळून घ्यावं. वकील असंही म्हणाले की मृत्युपत्रात कोणाला काय एवढंच लिहायचं, का ते लिहायचं नाही. पण का ते मी लिहिलं नाही, तर माझ्यामागे दुसरं कोणी आपल्या सोयीने सांगेल. तसं सांगणं सुरूही झालं आहे.

कलम १. घर. हे घर घरकुलात माझ्या नावावर मंजूर झालं. दोन खोल्या, पडवी, मागची वाडी, वाडीतलं सीताफळ. हे सगळं माझी सून मयुरी हिचं. तिने दुसरं लग्न केलं तरी तिचं. नवरा या घरात आणला तरी तिचं. गावाने तिला काहीही म्हटलं तरी तिचं. बचत गटात माझं जे साचलं आहे तेही तिचं, आणि पितळी गुंड तिचा, कारण घासायला तीच घासते.

कलम २. यांचं, म्हणजे माझ्या नवऱ्याचं, फेकजाळं, दोन्ही मोठे टोपले आणि मासे कापायचा विळा माझी शेजारीण गिरजा हिला द्यावा. गिरजाला मी साक्षीदार करणार होते. वकील म्हणाले, ज्याला काही द्यायचं त्याला साक्षीदार करता येत नाही. मी घरी येऊन तिला तसं सांगितलं. ती म्हणाली, "मंग मले नाई लागत तुही साक्ष. जाळं दे." जाळ्याला तीन ठिकाणी भोकं आहेत हे तिला माहीत नाही. माहीत झाल्यावर मला शिव्या देईल, तेव्हा मी नसेन.

कलम ३. माझ्या मुलाचं नाव. हे कलम कोणाला काही देण्याचं नाही, पण पुढचं सगळं यावरच उभं आहे.

माझी पहिली दोन्ही लेकरं गेली. दोन्ही मुलगे. पहिल्याचं नाव यांनी पोथीतून काढलं होतं, दुसऱ्याचं माझ्या बापाने. चांगली, भारी नावं होती, इथे लिहीत नाही. दोघेही जुलाबाने गेले, अंगणात रांगण्याच्या आधी. तिसरा झाला तेव्हा सासूने मला विचारलंच नाही. लेकरू सुपात घातलं आणि घरामागच्या उकंड्यावर, म्हणजे शेणाकचऱ्याच्या ढिगावर, नेऊन ठेवलं. मला ताकीद होती की दारातून पाहायचं नाही. मग ठरल्याप्रमाणे गिरजा वाटेने जाता जाता थांबली आणि ओरडली, "अवं, हे कोनाचं टाकलेलं लेकरू?"

मी आतून म्हणायचं होतं, आमचं नाही. माझ्या तोंडून निघेना. सासूने पाठीत गुद्दा मारला तेव्हा निघालं. "आमचं नाई. लागत असन तं ने."

गिरजाने लेकराचं मोल म्हणून दारात मूठभर कोंडा टाकला, लेकरू उचललं, आणि आत येऊन माझ्या मांडीवर ठेवलं. "घे. माह्या लेकराले दूध पाज." तेव्हापासून तो तिचा. नाव उकंडा. म्हणजे यम दारात आला तर त्याला वाटावं, इथे टाकाऊ वस्तू पडली आहे, नेण्यासारखं काही नाही. मुलाच्या लग्नात पहिली हळद गिरजाने लावली, कारण रीत तशी आहे.

हे नाव आमच्याच गावचं नाही. बाजारात बसून आणि रद्दी वाचून मला एवढं कळलं: आमच्याकडे उकंडा, लाडाने उकंडू, आणि वय झालं, पदरी शेती असली की उकंडराव. मुलगी असेल तर उकंडी. वऱ्हाडाकडे उकर्डा म्हणतात. छत्तीसगडच्या अंगाची माणसं घुरऊ म्हणतात, घुरवा म्हणजे त्यांच्याकडचा तोच ढीग. माझा मुलगा ट्रकवर होता, सूरजागडच्या रस्त्याला जायचा, तिथे त्याला सिरोंच्याकडचा एक ड्रायव्हर भेटला, पेंटय्या नावाचा. तेलुगूत पेंटा म्हणजेही तेच. दोघं एकमेकांना "काय रे कचऱ्या" म्हणून हाक मारायचे आणि हसायचे. कचरू, फकिरा, दगडू ही नावंही याच घरातली भावंडं. चारी दिशांच्या आयांनी, एकमेकींना न विचारता, एकच युक्ती केली. त्यांची आधीची किती लेकरं गेली म्हणून ही युक्ती सुचली, ते मात्र मला कुठल्या कागदावर सापडलं नाही.

माझा तिसरा जगला. सगळे म्हणाले नावाने जगला. मीही म्हटलं. पुष्कळ वर्षांनी मला आठवलं की त्याच्या जन्माच्याच उन्हाळ्यात आमच्या टोलीत, म्हणजे वस्तीत, हातपंप लागला. त्याआधी आम्ही तळ्याचं पाणी प्यायचो. तो नावाने वाचला की पंपाने, हे मला सांगता येत नाही. सांगणाऱ्यांनाही येत नाही, पण ते सांगतात.

कलम ४. तो कसा मेला. शाळेत, मग आयटीआयमध्ये, हजेरीला त्याचं नाव आलं की पोरं नाकाला रुमाल लावायची.  लग्न ठरलं तेव्हा त्याने स्वतः राजपत्रात देऊन नाव बदललं, प्रफुल केलं. मयुरीने त्याला कधीच तसं म्हटलं नव्हतं. ती मला म्हणाली होती, "मले काय करायचं आहे नावाचं, मानूस बरा आहे." मी मुलाला म्हटलं, नाव तुझं आहे. गिरजा तेवढी रडली, आणि शेवटपर्यंत त्याला उकंडूच म्हणत राहिली. तोही ओ द्यायचा.

गेल्या वर्षी धान पोटरीवर आलं होतं. पहाट होऊन उजाडलं, आणि तो बांधीचं, म्हणजे धानाच्या शेताचं, पाणी पाहायला गेला. आमच्या बांधीला लागून माझे धाकटे चुलत दीर गुणवंतराव यांची बांधी आहे. मधल्या धुऱ्यावर, म्हणजे बांधावर, त्यांनी रानडुकरांसाठी तार ओढली होती आणि विजेच्या लाइनवर आकडा टाकून तिच्यात करंट सोडला होता. उजाडताना काढायला हवा होता, काढला नाही. धुऱ्यावर लाल फडकं नाही, कोणाला सांगितलेलं नाही.

तो जेवायला आला नाही म्हणून मी आणि गिरजा गेलो. तो धुऱ्यावर पालथा होता, हात तारेवर. मी धावले. गिरजाने मला मागून केसांना धरून चिखलात पाडलं आणि माझ्या छातीवर बसली. "हात नको लावू! हात नको लावू त्याले!" असं ओरडत होती. नंतर तिनेच वाळला बांबू आणून तार बाजूला केली. त्याचा तळहात कसा झाला होता ते मी लिहीत नाही. मयुरीला मी तो पाहू दिला नाही. तिला तेव्हा पाचवा महिना होता.

आम्ही दोघी त्याला उचलायला माणसं बोलवायला गावात आलो. माणसं घेऊन परत गेलो तोवर तार नव्हती. खुंट्या होत्या, तार नव्हती. पंचनाम्याला जे आले त्यांनी जे दिसलं ते लिहून घेतलं, आणि तार दिसली नाही. मी सांगितलं, गिरजाने सांगितलं. दोन म्हाताऱ्या, त्यातली एक आई. बाकी गाव गप्प राहिलं, कारण तार अर्ध्या गावाच्या धुऱ्यावर आहे.

तेरवीच्या पंगतीत गुणवंतराव उभे राहिले आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले, "वयनी, रागावू नका, पन खरं ते बोलतो. नाव टाकलं ना त्यानं. जे नाव घेऊन वाचला तेच टाकलं. यमाले घर सापडलं." मग मयुरीकडे न पाहता, "बायकोसाठी टाकलं."

पंगतीत माना हलल्या. ज्यांनी तार पाहिली होती त्यांच्याही हलल्या. मी त्या माना पाहिल्या आहेत. तेव्हापासून मयुरी पाण्याला गेली की बाया कुजबुजतात, नवरा खाल्लेली म्हणतात. जुन्या रीतीमागे माणूस असा लपतो हे मला ठाऊक नव्हतं. रीत लेकरं लपवायला केली होती.

म्हणून मी इथे लिहून ठेवते, आणि हे माझ्या मालमत्तेतलं सगळ्यात वजनदार समजावं: माझा मुलगा प्रफुल उर्फ उकंडा हा नाव बदलल्याने मेला नाही. तो गुणवंतरावांच्या तारेने मेला. माझी सून मयुरी हिच्यावर याचा कसलाही दोष नाही. हे मृत्युपत्र कुठेही दाखवलं, तर हे कलम आधी मोठ्याने वाचावं.

कलम ५. बांधी. माझ्या बापाने मला लिहून दिलेली तळ्यापलीकडची धानाची बांधी, बोडीतल्या, म्हणजे त्या तळ्यातल्या, पाण्याच्या हक्कासह, प्रफुलचा मुलगा, म्हणजे माझा नातू, याला मिळावी. तो सज्ञान होईपर्यंत त्याची पालक त्याची आई मयुरी, दुसरं कोणीही नाही. हे दोनदा लिहिते, दुसरं कोणीही नाही.

याचं कारण. नातू झाला त्याच्या पाचवीला गुणवंतराव आमच्या दारात आले. हातात सूप, सुपात कोंडा. म्हणाले, "वयनी, आता चूक नको. लेकरू उकंड्यावर ठेवा, मी उचलतो. नाव उकंडाच. मंग ते माहं झालं, यम माह्या दारात इचारन."

मी म्हटलं, "आनि बांधी?"

"काऊन बांधी?"

"लेकरू तुमचं झालं तं त्याची बांधी कोन पाहीन?"

ते हसले. "मी पाहतोच आहो ना. धुरा तं एकच आहे."

मयुरी आतून आली. बाळंतीण, नीट उभी राहता येत नव्हतं. तिने त्यांच्या हातातलं सूप घेतलं आणि कोंडा कोंबड्यांना टाकला. सूप त्यांना परत दिलं.  त्या दिवसापासून आमचं आणि त्यांचं येणंजाणं बंद आहे, आणि गावात असं झालं आहे की त्या लेकराला सर्दी झाली तरी लोक माझ्याकडे पाहतात.

कलम ६. गुणवंतराव मारबते यांनी माझ्या तिरडीला खांदा देऊ नये. ते आले तर तिरडी खाली ठेवावी आणि ते जाईपर्यंत थांबावं. उन्हात थांबावं लागलं तरी थांबावं, मला घाई नसेल. अग्नी मयुरीने द्यावा. बाई कशी देते म्हणून कोणी अडवलं तर त्याला कलम चार वाचून दाखवावं.

कलम ७. नातवाचं नाव. त्याचं बारसं अजून झालेलं नाही. आधी घरात दुखवटा होता, मग भांडण, मग भीती. हो, भीती मलाही आहे. एवढं सगळं लिहूनही आहे. रात्री तो खोकला की माझ्या तोंडात तेच नाव येतं आणि मी ते गिळते. वकील म्हणाले, ज्याला जमीन द्यायची त्याचं नाव लिहिलेलं बरं, उद्या कोणी हरकत घेऊ नये. म्हणून आज सकाळी मी मयुरीला विचारलं. गिरजा तिथेच वांगी चिरत बसली होती.

मयुरी म्हणाली, "अमर."

गिरजाची विळी थांबली. आमच्यात लेकराला असं नाव ठेवत नाहीत. मरणाच्या तोंडावर थुंकल्यासारखं होतं. ती म्हणाली, "मयुरी, बाई माही, जरा खालचं काही पाहा ना!"

"खालचं बहुत झालं, गिरजाआई."

"अवं, पन एवढं वरचं?"

"मले आवडते. त्याहीले पन, याच्या बापाले, आवडत होतं." असं म्हणून ती लेकराला पाजायला लागली.

मी उठून बाहेर आले. सीताफळाखाली बराच वेळ उभी राहिले. तिला दुसरं सुचवावं असं फार वाटलं. साधं, मधलं, यमाच्या नजरेत न भरणारं एखादं. माझ्याकडे अशी पुष्कळ आहेत. पण तिला बोलले असते तर गुणवंतराव जे पंगतीत बोलले तेच मी घरात बोलले असते. म्हणून आत आले आणि पाटी घेऊन बसले. कागदावर लिहिण्याआधी पाटीवर लिहून पाहिलं. पुसलं. परत लिहिलं.

तरी कलम पाचमधल्या बांधीचा मालक असा वाचावा: अमर प्रफुल मारबते. हे मी माझ्या हाताने लिहिलं आहे. खाडाखोड नाही.

याआधी मी दुसरं कुठलंही मृत्युपत्र केलेलं नाही. हे लिहून साक्षीदारांना वाचून दाखवलं, आणि त्यांच्या देखत सही केली. कलम सात वाचताना सोमाजीभाऊंनी मला थांबवून विचारलं, "मनकर्णाबाई, नक्की?" मी म्हटलं, ऐका पुढे. पुढे काही नव्हतं.

सही: मनकर्णा मुखरू मारबते

साक्षीदार
१. सोमाजी, राहणार जांभूळबोडी. मनकर्णाबाईंनी माझ्यासमोर सही केली. त्या शुद्धीवर आहेत. तार मीही पाहिली होती, हे आज लिहून देतो.
सही: सोमाजी

२. इंदुताई, अंगणवाडी सेविका, राहणार जांभूळबोडी. मनकर्णाबाईंनी माझ्यादेखत सही केली. बाळ अमर याचं वजन ठीक आहे.
सही: इंदुताई

ठिकाण: जांभूळबोडी
तारीख: १४ जुलै २०२५