धुतलेला डबा

अहो शिगेकी,

पुरुषाच्या नावाने साप्ताहिकात ती काळ्याकुट्ट सूडकथांची चित्रमालिका मीच काढते, हे तुम्हाला कधी सांगितलं नाही.

गेले काही दिवस तुमचा जेवणाचा डबा लख्ख धुऊन यायचा. विचारलं, की म्हणायचात, "अगं, ऑफिसात वेळ मिळतो!" घरी चहाचा कप न विसळणारा माणूस! मग मी काढलेल्या नव्या भागातल्या बायकोला नवऱ्याचं लफडं तशाच डब्यावरून कळलं.

काल तुमचा डबा खरकटा आला, भाताची शितं चिकटलेली. पण अहो, तो भाग अजून छापलेलाच नाही. वाचलाय फक्त माझ्या संपादिकेने, चिहारूने.

हे पत्र तुम्हाला देणार नाही. तिला पुढचा भाग देईन. त्यातली बायको डब्यात काय कालवते, ते तुम्हाला तिच्याकडूनच कळेल.

अजून तरी तुमचीच,
नात्सुमी