आकडा चार

२ नोव्हेंबर १९९८
रोह्याच्या केमिकल कंपनीत आज रुजू झाले! सकाळी पेणहून गाडी धरली, कासू स्टेशनला खिडकीची जागाही मिळाली. इथल्या संगणकावर चक्क लिनक्स आहे. माझ्या आधीच्या जगनने मासिकाबरोबर फुकट आलेल्या सीडीवरून टाकलेलं. या सिस्टिमचा सगळा कोड उघडा. कुणीही वाचावा, कुणीही बदलावा. क्लासला असल्यापासून हेच काम हवं होतं. माझी खोली प्लँटच्या भिंतीला लागून. भिंतीवरच्या सेन्सरचा गॅसचा आकडा नोंदणारा जगनचा प्रोग्राम सांभाळायचा. दहाच्या वर गेला की सायरन. सध्या चार.

५ नोव्हेंबर
खोलीत सडक्या अंड्यांसारखा वास येतो. झाडलोट करणाऱ्या पुतळीबाई म्हणाल्या, "दोन दिस येतो गो बाय, मंग नाय येत. जगनभाऊलापन येत नव्हता." जगन कुठे गेला, विचारलं. एका दुपारी याच टेबलावर डोकं ठेवून झोपला, तो उठलाच नाही. हार्ट म्हणून लिहिलं.

११ नोव्हेंबर
वास खरंच गेला. कपाटात तपासणीच्या कागदी पट्ट्या सापडल्या; गॅस असला तर काळ्या पडतात. पाकिटावर छापलंय, हा गॅस आधी नाक बधिर करतो, मग वास येत नाही. एक भिंतीला लावली. जेवून आले तर काळी. पडद्यावर चार.
घाबरायला हवं होतं. डबा धुतला.

१२ नोव्हेंबर
प्रोग्रामचा कोड ओळ न् ओळ वाचला. चूक नाही. पुन्हा कंपाइल केला. चार.
सेन्सरची तार उपटली. तरी चार.

१३ नोव्हेंबर
कोड स्वच्छ आहे. खोट कंपायलरमध्ये आहे, आपण लिहिलेलं यंत्राच्या भाषेत उतरवणाऱ्या साधनात. जगनने ते बदलून ठेवलंय. हा प्रोग्राम दिसला की ते गुपचूप चार घुसवतं. मॅनेजरसाहेबांना सांगितलं. ते शांतपणे म्हणाले, सायरन झाला की शिफ्ट बंद पडते, जगनला मीच सांगितलं होतं, तू हात लावू नकोस.
बरं म्हटलं. बोटांना मुंग्या येतात.

१६ नोव्हेंबर
साहेब मुंबईला. तार जोडली. सीडीवरचा मूळ कंपायलर टाकला, प्रोग्राम नव्याने बनवला.
एकशे चाळीस.
सायरन वाजतोय. कुणी बाहेर येत नाही. प्लँटमध्ये फोन केला. सुपरवायझर गुणाजी म्हणाला, "वास कुटं हाय? टेस्टिंग आसंल." त्याने फोन ठेवला.

पुतळीबाई दारात बसल्या होत्या. आता आडव्या. हाक मारली —
उठायला हवं. पाय दिसतात. माझे वाटत —

एकशे साठ.
दार सहा पावलं. भीती नाही वाटत. काहीच नाही —

पुतळीबाईंचा हात अजून हल