वाळूला लावलेला हात

आप्पा,

काल अंबाजोगाईच्या एका कॉलेजात माझा सत्कार झाला. शाल, नारळ, फेटा, सगळं यथासांग. सूत्रसंचालन करणाऱ्या सरांनी 'खेळाडू घराण्याची लेक' असं तीनदा म्हटलं. आजोबा पैलवान, तुम्ही कबड्डीत जिल्ह्याच्या संघात, काकाही कबड्डीतले, आणि ही पोर गोल्फमधली राष्ट्रीय विजेती. मग एका मुलीनं उभं राहून विचारलं, "ताई, तुमची सगळ्यात मोठी चूक कोणती?" मी हसत हसत तीच वाळूची गोष्ट सांगितली, जी गेली कितीतरी वर्षं जिथं तिथं सांगत आलेय. सगळं सभागृह हसलं. पुढच्या रांगेत बसलेली आई तेवढी हसली नाही. आज सकाळी तिनं कोठीमागून तुमची एक वही काढली, माझ्यापुढं ठेवली आणि भाकरी थापायला बसली. ती वाचल्यापासून मला तुमच्याशी बोलायचंय. त्या वाळूबद्दल मी तुम्हाला कधीच खरं सांगितलं नाही, आणि आज ते सांगितल्याशिवाय राहवत नाही.

हा खेळ मला तुम्ही दिलात हे लोकांना अजून खरं वाटत नाही. गोल्फ म्हटलं की त्यांना मोटारी आणि पांढरे हातमोजे दिसतात. कबड्डीत तुमचा गुडघा गेला आणि तुम्ही पुण्याला एका गोल्फच्या मैदानावर माळी म्हणून लागलात. रोज पहाटे हिरवळीवरचं जुनं भोक बुजवायचं, दुसरीकडं नवं पाडायचं, हे तुमचं काम. एका दिवाळीला तुम्ही कुणीतरी टाकून दिलेली काठी घेऊन आलात. माझ्या उंचीला कापलेली, मुठीला सायकलची ट्यूब गुंडाळलेली. युसूफ वडगावच्या अलीकडं आपलं रान, तिथं गवताला पाणी कोण घालणार? मग तुम्ही जे येत होतं ते केलंत. बाजरी निघाल्यावर रानात खळं केलंत. पाणी मारून, चोपून, शेणानं गुळगुळीत सारवून. धान्य मळायच्या खळ्यात मधोमध भोक पाडून डबा पुरलेला बघून थोरले काका बांधावरूनच ओरडले, "काय बे, पोरीला काठीनं गोट्या खेळायला लावतो का? कबड्डीत घाल तिला." तुम्ही मान वर न करता म्हणालात, "हिची नजर बघ, दादा. बॉल भोकात जाईस्तोर पापणी लवत न्हाई पोरीची." तेव्हा मी नऊ वर्षांची होते, आणि माझ्याबद्दल कुणी असं काही म्हणू शकतं हे मला त्या दिवशी कळलं.

त्या खळ्यावर बॉल नुसता पळायचा. पुढं तुम्ही आम्हाला पुण्याला नेलंत आणि मी पहिल्यांदा खऱ्या हिरवळीवर उभी राहिले, तेव्हा माझा प्रत्येक बॉल अर्ध्या वाटेत बसायला लागला. मी रडकुंडीला आलेली आणि तुम्ही पोट धरून हसताय. "गवत लई खातंय गं बॉल," असं म्हणताय. सोमवारी मैदान बंद असायचं आणि कामगारांना खेळायची मोकळीक असायची. तो आपला दिवस. खेळायला उतरताना तुम्ही मला वाकून जमिनीला हात लावायला आणि तो कपाळाला टेकवायला सांगायचात. आजोबा आखाड्यात करायचे, तुम्ही कबड्डीच्या मैदानात केलंत, मी गवतावर करायचं. वाळूच्या खड्ड्यात बॉल गेला तर तिथं उतरतानाही. "वाळू झाली तरी मातीच हाय ना," तुम्ही म्हणायचात. सोमवारी बघायला पंच नसायचे, आणि मला ते छान वाटायचं.

मग राज्याची ज्युनिअर स्पर्धा आली. शेवटचा दिवस, शेवटचं होल, मी एक फटका कमी घेऊन पुढं. तुम्ही साहेबांकडून सुट्टी घेऊन, इस्त्रीचा सदरा घालून दोरीपलीकडं उभे. माझा बॉल वाळूत गेला. मी खड्ड्यात उतरले, वाकले, वाळूला हात लावला आणि कपाळाला टेकवला. पंचांनी तिथल्या तिथं मला थांबवलं. मारण्याआधी वाळूला हात लागला तर तेव्हा दोन फटक्यांचा दंड होता. एका फटक्यानं पुढं असलेली मी एका फटक्यानं हरले. एवढ्यावर भागलं असतं, पण तुम्ही दोरीखालून आत आलात. लंगडत, सगळ्यांच्या देखत, पंचांसमोर हात जोडून उभे राहिलात. "पोरीचा गुन्हा न्हाई, सायेब. म्या शिकवलंय तिला. दंड माज्या नावावर घाला." जिंकलेल्या मुलीचे आईवडील एकमेकांकडं बघून हसले. मला धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं, असं झालं.

दुसऱ्या दिवशी आपण गावाकडं निघालो. बीड मागं पडेपर्यंत मी तोंड फिरवून बसलेली. मांजरसुंब्याच्या घाटात तुम्ही शेंगदाण्याची पुडी माझ्यापुढं केलीत. "कावून अशी बसलीस? मातीला हात लावला, पाप केलं का?" आणि मी बोलून गेले. मी म्हणाले, "तुमच्या त्या मातीच्या नादानं हरले मी. तुम्ही माझ्या मॅचला येत जाऊ नका." तुम्ही पुडीची घडी घातलीत, खिशात ठेवलीत. "बरं," म्हणालात, "न्हाई येत."

आणि खरंच आला नाहीत. तुम्ही शब्दाचे इतके पक्के असाल असं मला वाटलं नव्हतं. मी राज्यात पहिली आले तेव्हा तुम्ही नोकरी सोडून गावी परतला होतात. मी फोन केला. तुम्ही म्हणालात, "लई चांगलं झालं. जेवलीस का?" मला म्हणायचं होतं, पुढच्या वेळी या. ते ओठांवर यायचं आणि मी पाऊसपाणी विचारायचे. पुढच्या वेळी म्हणू, पुढच्या वेळी म्हणू, असं करत चार वर्षं गेली आणि एका सकाळी रानात तुमच्या छातीत कळ आली. मी पोचले तेव्हा अंगणात माणसं बसलेली होती. त्यानंतर देशात पहिली आले, बाहेरच्या देशांत जाऊन खेळले, आणि प्रत्येक ठिकाणी शेवटच्या होलला माझी नजर दोरीपलीकडं इस्त्रीचा सदरा शोधते. गंमत म्हणजे तो नियमही आता बदललाय, आप्पा. वाळू चाचपून बघायची नाही, एवढंच. नुसता हात लागला तर कुणी काही म्हणत नाही. नियम बदलल्यावर मी पहिल्यांदा वाळूत उतरले तेव्हा वाकले, पण हात काही खाली गेला नाही.

आता वहीचं. मी घरी टाकून दिलेलं नियमांचं इंग्रजी पुस्तक तुम्ही उचललंत आणि दर रविवारी शाळेतल्या इंग्रजीच्या मास्तरांकडं घेऊन जायचात, हे आईनं आज सांगितलं. ते मराठीत सांगायचे, तुम्ही लिहून घ्यायचात. ती म्हणाली, "म्हणायचे, आपल्या रीतीपायी पोरीचं अजून कुठं वाटोळं व्हायला नको." सगळी वही भरली आहे. बॉलवर पान पडलं तर काय, पाण्यात गेला तर काय. आणि पहिल्याच पानावर, कबड्डीचे गुण लिहायचात त्या ठसठशीत अक्षरात, 'वाळूला हात न्हाई. माझी चूक.' मी पेन घेतलं होतं ती ओळ खोडायला. खोडवली नाही. तुमचं अक्षर माझ्याकडं या वहीतच काय ते आहे.

म्हणून आता ऐका. हे पत्र कुठं जाणार नाही हे मला कळतं, तरी ऐका. ती चूक तुमची नव्हती, आणि मी लोकांना सांगते तशी सवयीचीही नव्हती. तो नियम मी वाचलेला होता. आमच्या गोल्फच्या सरांनी आदल्याच आठवड्यात विचारला होता आणि मी घडाघडा सांगितला होता. खड्ड्यात उतरताना मला दोन फटके दिसत होते. पण खड्डा खोल होता, तिथून तुम्ही दिसत नव्हता. वाटलं, तुमचा हात एकदा डोक्याला लागला पाहिजे. तुम्हाला हाक मारता येत नव्हती, म्हणून मी वाळूला हात लावला. दंड होणार हे ठाऊक असून लावला. आणि दुसऱ्या दिवशी त्याच तुम्हाला 'येऊ नका' म्हणाले, कारण चौदा वर्षांच्या मला तुमच्यासमोर एवढं कबूल करता आलं नाही, की मी घाबरले होते आणि मला तुम्ही जवळ हवे होता.