ती सही मी मागे घेतो

मी, खाली सही करणारा, वय एकाहत्तर, धंदा केशकर्तनाचा, हे मृत्युपत्र पूर्ण शुद्धीवर आणि राजीखुशीने लिहून ठेवत आहे. डॉक्टरांचा दाखला सोबत जोडला आहे. म्हाताऱ्याला भ्रम झाला होता, असं उद्या कुणी म्हणायला नको.

१. दोन खोल्यांचं घर आणि दुकान माझ्या एकुलत्या मुलीला.

२. दुकानातली फिरती खुर्ची थोरल्या भावाला. गावात मोर्चा निघाला तेव्हा तो मोर्चेकऱ्यांना पाणी पाजत होता. धरपकड सुरू झाली तेव्हा पोलिसांना चहा. त्याला ती शोभेल.

३. माझे वस्तरे कुणालाही देऊ नयेत, मोडून टाकावेत. कारण असं. मोर्चानंतर तिसऱ्या दिवशी मला चौकीवर नेऊन धरलेल्या तेवीस माणसांची डोकी भादरायला लावली. त्यांना अद्दल घडवायची होती म्हणे. सातवा माझा जावई, छापखान्यातला कामगार. त्याच्या डाव्या कानामागे चार बोटं लांब खोक होती. माझा हात थांबला. तो हळूच म्हणाला, "मामा, उरका लवकर. मागचे ताटकळलेत."

संध्याकाळी निरोप आला: जावई सुटून जाताना चौकीच्या जिन्यावरून पडला, डोकं फुटून गेला. आणि चौकीतून निघताना हजेरीचा कागद समजून मी ज्यावर सही केली होती, तो निघाला पंचनामा! 'एकाही इसमाच्या डोक्यावर जखम नाही.' पंच कोण, तर मी. पन्नास वर्षं डोकी हाताळलेला माणूस. मला माझी लाज वाटते, आणि त्या चौकीवाल्यांचा विचार आला की तळपायाची आग मस्तकात जाते.

४. ती सही मागे घ्यायला मी चौकीवर तीनदा गेलो. पहिल्यांदा अर्ज फाडला, दुसऱ्यांदा मला पायरीवरून ढकललं, तिसऱ्यांदा साहेब हसले, "आजोबा, घरी बसा. नसती आफत कशाला ओढवून घेता?"

साहेब, मृत्युपत्र मात्र तुमच्याच सरकारच्या कचेरीत नोंदवून घेतात, पानापानावर शिक्का मारतात. म्हणून इथं लिहितो: तेवीसपैकी एकोणीस डोक्यांवर ताज्या जखमा होत्या. ती सही मी मागे घेतो. हा जबाब मी मुलीला देत आहे. घर विकावं लागलं तरी बेहत्तर, तिने तो कोर्टात न्यावा.

ठिकाण: माझं दुकान. तारीख शिक्क्यावर पडेलच.

(सही)

साक्षीदार पहिले: शेजारचे चष्मेवाले. (सही)

साक्षीदार दुसरे: शाळेतले मास्तर, त्या दिवशीच्या रांगेत आठवे. (सही)

मास्तरांनी सहीखाली स्वतःच्या हाताने लिहिलं आहे: "माझ्या जखमेची खूण उजव्या कानाच्या वर आहे. कोर्टाने नुसतं म्हणावं, तिथंच डोकं भादरून दाखवीन."