गडग्यावरचा विस्तव

१२ सप्टेंबर १९३४

पासलीत बदली होऊन महिना झाला. शाळा सुटली की करमत नाही, म्हणून समोरच्या दोन घरांकडे बघत बसतो. धोंडाबाई थोरल्या, अंबूबाई धाकट्या. सख्ख्या जावा, दोघीही विधवा. वाटणी झाल्यापासून तीन वर्षं अबोला! मधे कमरेएवढा दगडी गडगा.

पण रोज उजाडता धोंडाबाई गोवरीच्या तुकड्यावर निखारा घेऊन गडग्यावर ठेवतात. अंबूबाई खाली मान घालून तो नेतात. त्यावर त्यांची चूल पेटते.

१५ सप्टेंबर

राहवेना. धोंडाबाईंना विचारलंच— बोलत नाही, मग विस्तव कशाला?

"सासूबायचा इस्तू हाय त्यो, मास्तर. माज्या एकटीचा न्हाई."

सासू वारून अकरा वर्षं झाली, पण चूल विझलेली नाही. झोपताना निखारे राखेत पुरायचे, सकाळी उकरायचे. अंबूबाईंना ते कधी जमलं नाही म्हणे. "तिचं ध्यान कुठं ऱ्हातंय!"

१९ सप्टेंबर

अंबूबाई आज भर पावसात निखारा पदराआड धरून नेत होत्या. बघवेना. भोरहून आणलेली नवी काडीपेटी दुपारी त्यांना दिली. "आता कुणाच्या दारी जायला नको," असंही वर बोललो— मोठा शहाणा! त्यांनी मुकाट घेतली. धोंडाबाई पलीकडून बघत होत्या.

२० सप्टेंबर

निखारा गडग्यावर तसाच विझला.

२४ सप्टेंबर

आज धोंडाबाईंनी निखारा ठेवलाच नाही. "तिला बरी मिळाली तुमची पेटी," एवढंच म्हणाल्या.

जावेदेखत पेटी घेतल्यावर अंबूबाईंनी पुन्हा गडग्यापाशी यायचं कसं? हे मला आधी सुचलं नाही. तीन वर्षांच्या अबोल्यात टिकलेलं मी एका काडीपेटीनं मोडलं. कुणी विचारलं होतं मला? फार लाज वाटते.

२ ऑक्टोबर

धोंडाबाई हिवतापानं दोन दिवस अंथरुणावर आहेत. सकाळी पेज घेऊन गेलो. चूल थंडगार. राख तळापर्यंत उकरली— काही नाही. काडी ओढणार तेवढ्यात त्यांनी हात धरला. "नगं. इझला त्यो इझला." भिंतीकडे तोंड करून रडल्या. पेज तशीच राहिली.

३ ऑक्टोबर

अंबूबाई गडगा ओलांडून आल्या. हातात गोवरी, वर निखारा.

"काडीचा इस्तू नगं मला," धोंडाबाई म्हणाल्या.

अंबूबाईंनी कनवटीची पेटी काढून माझ्या हातात दिली. वरचा कागदसुद्धा फाटलेला नव्हता.

"सासूबायचाच हाय, जाऊबाई. शेवटचा नेलेला. पंधरा दिस राकंत जपलाय."