बेथलेहेम बुद्रुक आणि बेथलेहेम खुर्द

मळेवाडी, बेलापूरजवळ
२९ डिसेंबर

ती. लिडियाआक्का हिस धाकट्या आमोसचा प्रभूमध्ये सलाम.

तुझे गुडघे आणि दाजींची साखर, दोन्ही ताब्यात असतील अशी आशा करतो. इकडे आम्ही नाताळातून सुखरूप बाहेर पडलो (मी तर एका डोंगरातूनही बाहेर पडलो, ते सांगतोच). फोनच केला असता, पण माझा मोबाईल सध्या यहूदियाच्या डोंगराळ प्रदेशात गाडला गेला आहे आणि तो प्रदेश कोणी उपसायचा, यावर कमिटीचं एकमत व्हायचं आहे.

चर्चमधला गव्हाणीचा देखावा गेली बावीस वर्षं मी आणि खालच्या आळीतला बेंजामिन सुतार मिळून करतो, हे तुला ठाऊक आहे. बांबूचा सांगाडा त्याचा, माती आणि रंग माझे. गोणपाट चिखलात बुडवून सांगाड्यावर टाकायचं, वर गहू पेरायचा, आठ दिवसांत डोंगर हिरवागार. चार मेंढरं, भेटी घेऊन आलेले तीन मागी आणि एक गव्हाण एवढीच आमची लोकसंख्या. यंदा मात्र कमिटीने ठरवलं की डोंगर पंचवीस फूट लांब होईल आणि त्यात सगळ्यांच्या सूचनांचा आदर राखला जाईल. आदर राखल्यावर जो मुलूख तयार झाला, तसा मी पस्तीस वर्षं शाळेत चित्रकला शिकवून एकाही पोराच्या वहीत पाहिला नव्हता. विजेचा पॉइंट खाली, म्हणून पाण्याची मोटर खाली, म्हणून यार्देन नदी मृतसमुद्रात उगम पावून शिखरावर चढायची आणि तिथून पुढे रस्ता नसल्याने पेटीवाल्याच्या पाठीवर पडायची. शेजारच्या गोजरबाईंनी जुनी गादी उसवून कापूस दिला, तो नाकारता येईना, म्हणून उत्तर उतारावर बर्फ. दक्षिण उतारावर ऊस (बेथलेहेमला ऊस नव्हता असं म्हणणाऱ्या माणसाने आपल्या भागात राहू नये). मागी लोक पूर्वेकडून आले असं शास्त्रात आहे, पण आपल्या पूर्वेला भिंत पडते, तेव्हा पाळकसाहेबांच्या परवानगीने पूर्व दिशा दाराकडे सरकवली. रहिवाशांत एक प्लॅस्टिकचा डायनासोरही होता. तो खजिनदारांच्या नातीचा असल्यामुळे त्याला उठवायची कुणाची छाती झाली नाही.

खरं भांडण लागलं ते बेथलेहेम गाव डोंगराच्या कोणत्या अंगाला बसवायचं यावरून. वरची आळी म्हणे आमच्या बाजूला, खालची म्हणे आमच्या. दोन मीटिंगा फिसकटल्या. तिसरीत पाळकसाहेबांनी प्रार्थना केली आणि सुचवलं की गावं दोन करावीत, शेजारी बेलापूरचं बुद्रुक आणि खुर्द नांदतंयच की. सगळ्यांना पटलं. फक्त बुद्रुक कोण, ते ठरायचं राहिलं. पाट्या रंगवायच्या होत्या मला. मी वरच्या आळीचा, ब्रश आपोआप बुद्रुककडे वळला.

बेंजामिनने पाटी वाचली आणि हातोडी खाली ठेवली. म्हणाला, "आमोस, बावीस वर्सं तुज्या डोंगराचा कना मी उभा केला. अन् आमी खुर्द?"

आक्का, तेव्हाच पाटी पुसायला हवी होती. मी म्हणालो, कमिटीचा ठराव आहे (असा ठराव झालेला नव्हता). त्या दिवसापासून तो यायचा, काम करायचा, पण माझ्याशी अक्षर बोलायचा नाही. खिळे हवे असले तर पाळकसाहेबांना सांगायचा आणि पाळकसाहेब तीन पावलं चालून ते मला सांगायचे. मलाही घरी जेवण गोड लागेना, पण ते कुणापाशी बोलणार? गव्हाण दोन्ही गावांच्या शिवेवर ठेवली होती. त्यामुळे तिथे दिवा लावणं कुणाच्याच हद्दीत येईना आणि सगळा मुलूख झगमगत असताना बाळ येशू तेवढा अंधारात राहिला.

चोवीस तारखेला दुपारी चार वाजता सरपंच गोरक्षभाऊंच्या हस्ते उद्घाटन होतं. पावणेचारला नदी बंद पडली. मी चपला काढून मागच्या भोकातून डोंगराच्या पोटात शिरलो. पाइप मोकळा केला, पण तेवढ्यात ओलं गोणपाट खचलं आणि भोक बुजलं. हाक मारणार तर बाहेर प्रार्थना सुरू झालेली. ऐन प्रार्थनेत डोंगरातून आवाज आला तर म्हाताऱ्या माणसांचं काय होईल, या विचाराने गप्प बसलो. सरपंचांनी वर चढणारी नदी पाहून तालुक्याने हा आदर्श घ्यावा असं सांगितलं आणि दोन्ही बेथलेहेमांना काँक्रीटचा रस्ता जाहीर केला. मग फोटोची वेळ आली. मास्तर कुठे गेले, असं कुणीतरी विचारलं. गोजरबाई म्हणाल्या, राहू द्या, तेवढीच जागा होईल. हे आपल्या वरच्या आळीचं माणूस.

इतक्यात कानाशी गोणपाटापलीकडून हळू आवाज आला.

"आमोस, आत हायेस न्हवं? तुज्या चपला दिसल्या."

एकवीस दिवसांनी तो आवाज थेट माझ्याशी बोलत होता. म्हणालो, आहे.

"डाव्या अंगाचा बांबू धरू नको. त्यो मी रागात निस्ता टेकवलाय, बांधला न्हाई."

मी तोच धरून उभा होतो. सोडला, आणि बुद्रुक खुर्दावर आलं. पंचवीस फूट यहूदिया, बर्फ, ऊस आणि डायनासोर यांच्यासकट मी सरपंचांच्या पायाशी प्रकट झालो. उजवं मनगट मोडलं. लोक मला उचलायच्या आधी कोणती मेंढरं कुणाच्या आळीची ते निवडायला लागले. गव्हाण मात्र शाबूत राहिली, कारण शिवेवर काही बांधायला दोन्ही आळ्यांनी हरकत घेतली होती. पाळकसाहेबांनी तिथे एक मेणबत्ती लावली आणि संध्याकाळची उपासना तेवढ्यावर झाली. बरी झाली.

मला प्लास्टरला श्रीरामपूरला नेलं बेंजामिनने, त्याच्या मोटरसायकलवर. बेलापूर मागे टाकलं त्याने. मग म्हणाला, "खुर्दच बरं हुतं आमाला. पडाया उंची कमी." मी म्हणालो, पाटी मी चुकीची रंगवली. तो म्हणाला, बांबू मीबी चुकीचा लावला. विषय संपला.

दाजींना सलाम, मुलांना आशीर्वाद.

तुझा
आमोस

ता. क. – खरं काम राहिलंच. काल कमिटीने ईस्टरला क्रुसाचा कालवरी डोंगर करायचा ठराव केला, चाळीस फुटांचा, आणि कालवरीही दोन. तेव्हा मार्चअखेर तू आजारी पड आणि मला ताबडतोब बोलावून घे. पत्र कमिटीला दाखवता येईल असं लिही.

ता. क. दुसरा – आक्का, सलाम. आमोसच्या हाताला प्लास्टर असल्याने हे सगळं पत्र त्याने सांगितलं आणि मी लिहिलं. अक्षरावरून वळखलंच असंल. बांबूचं त्याने जरा वाढवून सांगितलंय, पण लिहून टाकलं. तुमाला एकच इनंती, आजार जरा मोठा धरा, उशापायथ्याला दोन माणसं लागतील असा.

बेंजामिन