वारस म्हणून सही

बाबा, महाडच्या कोर्टात तुमचं नाव पुकारलं गेलं तेव्हा मी दाराजवळच्या बाकावर बसले होते आणि उठले नाही. शिपायाने पुन्हा पुकारलं. ‘ते वारले’ एवढंच सांगायचं होतं. कारखान्यात मी दाबमापकं तपासते. काटा चुकीचं दाखवत असेल तर कुणासमोरही सांगते. तिथे मात्र मी मान खाली घालून बसले. शेवटी ज्यांच्यावर तुम्ही दावा लावला होता ते काकाच उभे राहिले. टोपी काढून म्हणाले, "ते गेले, साहेब. ही त्यांची मुलगी."

मला वाटायचं, दावा लावणारा गेला की दावाही संपतो. वकीलसाहेब म्हणाले, "माणूस जातो, दावा राहतो. तुमची आणि आईची नावं वारस म्हणून लावायची. तीन महिन्यांत अर्ज दिला नाही, तर मात्र आपोआप पडतो." "म्हणजे आपण काहीच केलं नाही तर?" मी विचारलं. त्यांनी चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं. मला दावा पडू द्यायचाय, हे त्यांना कळलं असावं. दावा ज्या वाटेचा, ती काकांनी बांध घालून अडवलेली वाट आपल्या वाडीला पोलादपूरच्या रस्त्याशी जोडते. पावसात आजारी माणसाला खुर्चीत बसवून ओढ्यातून न्यावं लागतं. पण मी महाडला राहते, मला ती वाट लागत नाही. इतका साधा विचार मी केला होता.

व्हरांड्यात काकांनी मला गाठलं. तारखेला तुम्ही दोघं एकाच एसटीने यायचात, परतताना आळीपाळीने चहा पाजायचात. मला तेव्हा ते ओशाळवाणं वाटायचं.

"काय गो, आत तोंडाला कुलूप?"

"बघू. अजून ठरवलं नाही."

ते हसले. "तुझ्या बापानं चपला झिजल्या तरी मला सोडलं नाय. तू असंच सोडतेस? वाट मी देणार नाय, ते वेगळं. पण समोर कोण नसताना जिंकलो, असं गावात सांगू काय?"

त्याच दुपारी मी अर्जावर सही केली. आता कागदावर तुमच्या नावाआधी ‘मयत’ आहे आणि खाली आम्ही दोघी. वाडीत म्हणतात, पोरीनं बापाचं राखलं. आई ते कौतुकाने ऐकते. तिला सांगता येत नाही, म्हणून तुम्हाला सांगते: सही करताना मला तुम्ही आठवला नाहीत, वाडीही आठवली नाही. काका गावात काय सांगतील, एवढंच डोक्यात होतं.